घरी बसलेला माणूस आणि आपले साहित्य

दलित साहित्याने श्रमाचे जेवढे चित्रण केले तेवढे मराठीत अन्य कोणत्याही प्रवाहाने केले नाही, हे आता वादाचे विधान राहिलेले नाही. मेलेले ढोर ओढणारा, गटारात उतरणारा, गोदीत हमाली करणारा, रेल्वेच्या वर्कशॉपात जात लपवून राबणारा माणूस आपल्या कथेत आणि आत्मकथनात ठसठशीत उभा आहे. परंतु ज्याचे काम गेले आहे, सकाळी उठून ज्याला कुठेच जावयाचे नाही आणि जो बायकोच्या मिळकतीवर जगतो आहे, असा पुरुष या साहित्यात कितीसा आहे? तो आहे, पण कोपऱ्यात आहे. दारू पिऊन पडलेला बाप, खोकणारा बाप, आईवर हात उगारणारा बाप म्हणून चार-सहा ओळींत तो येऊन जातो आणि लेखकाची नजर पुन्हा आईकडे वळते. आई राबते, आई उपाशी राहते, आई शिकवते. बाप असा का झाला, आणि त्याच्याबरोबर एका खोलीत नांदताना त्या बाईचे काय झाले, हे बहुधा लिहिले जात नाही. मला या लेखात नेमके त्याविषयी बोलावयाचे आहे.

प्रथम एक फरक स्पष्ट करणे आवश्यक आहे. नवऱ्याची नोकरी गेली आणि संसाराला तडा गेला, हा विषय पांढरपेशा साहित्याला अपरिचित नाही. सत्यजित राय यांचा 1963 सालचा ‘महानगर’ हा चित्रपट याचे चांगले उदाहरण होय. नरेंद्रनाथ मित्र यांच्या कथेवर तो आधारलेला आहे. कलकत्त्यातील बँकेत काम करणारा सुब्रत स्वतःच बायकोला, आरतीला, नोकरी करण्यास सुचवतो. ती शिवणविणकामाची यंत्रे दारोदार विकू लागते, तिला स्वतःच्या पैशाची आणि स्वतःच्या चालीची ओळख पटते आणि सुब्रतच्या मनात कळ उठते. ती राजीनामा देणार त्याच दिवशी त्याची बँक बुडते. घरी बसलेल्या सुब्रतची ती अस्वस्थता, बायकोच्या पर्सकडे टाकलेली ती नजर राय यांनी फार बारकाईने टिपली आहे. मला हा चित्रपट अतिशय आवडतो. पण त्याचे सगळे नाट्य एका गोष्टीवर उभे आहे: आरती उंबरठा ओलांडते. सासरा तिच्याशी बोलेनासा होतो तो त्यामुळेच.

आपल्या बायकांना हा उंबरठा कधी होता? त्या पहिल्यापासूनच बाहेर होत्या. शेतावर, रस्त्याच्या कामावर, गवताच्या भाऱ्याखाली, मुंबईत कागद-चिंध्या वेचताना. बायको कामाला जाते म्हणून आमच्या घराची अब्रू गेली, असे कोणी म्हटले तर वस्तीत हसू होईल. तेव्हा बेकारीने दलित घरात जे मोडते ते सुब्रतच्या घरात मोडते त्याहून वेगळे असले पाहिजे. आपल्या समीक्षेने हा प्रश्न विचारलाच नाही. ‘दारिद्र्य’ हा एक शब्द वापरून ती पुढे गेली.

काय मोडते हे समजण्यासाठी नोकरी या शब्दाला आपल्या समाजात काय अर्थ होता हे पाहावे लागते. महाराला गावात काम होते, पण नोकरी नव्हती. येसकरकी होती, वेठ होती, आणि मोबदल्यात बलुते व शिळ्या भाकरी होत्या. बाबासाहेबांनी 1928 साली मुंबई विधिमंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्ती सुचवणारे विधेयक मांडले ते या गुलामीवर घाव घालण्यासाठी. कनिष्ठ गावकीची वतने कायद्याने रद्द करण्यास 1958 साल उजाडावे लागले. या तीस वर्षांत जो माणूस गाव सोडून मुंबईला, नागपूरला, सोलापूरला गिरणीत किंवा गोदीत लागला त्याच्यासाठी महिन्याचा पगार म्हणजे केवळ पैसे नव्हते. कोणाच्या दारात हात न पसरता जगण्याचा तो दाखला होता. म्हणून काम गेले की त्याच्या डोळ्यांपुढे पहिल्यांदा उभी राहते ती भूक नसते. गावची वाट उभी राहते.

शिवाय शहरातले हे कामही जातीच्या चौकटीतच मिळालेले होते. मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्यांना विणकर खात्यात, म्हणजे साच्यावर, घेत नसत. धोट्यातील कांडी बदलताना धागा तोंडाने ओढून काढावा लागे आणि अस्पृश्याच्या तोंडाचा धागा सवर्ण कामगाराला चालत नसे. वर्गाच्या नावाने एकत्र येणाऱ्या कामगारांतही ही रेघ शाबूत होती. 1928 च्या मोठ्या संपाच्या काळात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढे ठेवला होता. विणकर खात्यात पगार अधिक. आपली माणसे मात्र बहुतांशी रिंग खात्यासारख्या कमी पगाराच्या कामात. त्यातही अनेकजण बदली कामगार. रोज सकाळी फाटकाशी उभे राहायचे, कोणी गैरहजर असेल तर आत जायचे, नाही तर डबा तसाच घेऊन घरी यायचे. हा डबा घरी परत येणे म्हणजे काय, ते मला ठाऊक आहे. माझे वडील अशा बदलीवर चार वर्षे होते. आई तो डबा उघडून त्याच भाकरी संध्याकाळी वाढी, आणि वडील त्या दिवशी आईने वाढलेल्या ताटाकडे न बघता जेवत. दोघांत भांडण होत नसे. बोलणेच होत नसे.

18 जानेवारी 1982 रोजी दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला तेव्हा सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. तो विरत गेला आणि गिरण्यांबरोबर माणसेही विरली. या काळात गिरणगावातील बायकांनी घरे चालवली. खानावळी चालवणाऱ्या बायकांची संघटना, प्रेमा पुरव यांचे अन्नपूर्णा महिला मंडळ, 1975 पासूनच उभी होती. पण खानावळीला गिऱ्हाईक लागते आणि गिऱ्हाईक कोणाच्या हातचे जेवते हा प्रश्न मुंबईतही सुटलेला नव्हता. आमच्या चाळीतील बायकांना धुणीभांडी आणि झाडलोट मिळाली. पोळीभाजीचे डबे क्वचितच मिळाले. म्हणजे नवरा रिंग खात्यातून घरी बसला आणि बायको थेट जातीने नेमून दिलेल्या कामाकडे परत ढकलली गेली. ज्या नवऱ्याने मुंबईत येऊन बायकोला गावकीतून सोडवल्याचा अभिमान बाळगला होता, त्याने हे रोज पाहिले. माझ्या मते दलित घरातल्या बेकारीचा गाभा येथे आहे. बायको कमावते याची लाज त्याला नव्हती. तिच्या कामातून त्याला स्वतःचा भूतकाळ परत आलेला दिसत होता.

आता साहित्याकडे येतो. या विषयावर मराठीत लिहिलेली सर्वांत धारदार कथा संपापूर्वीची आहे: बाबुराव बागुलांची ‘आई’. ही कथा पुष्कळ वाचली गेली, इंग्रजीत गेली, अभ्यासक्रमात लागली. तिच्यावर बोलताना सर्वजण पांडूविषयी बोलतात. शाळेत आईवरची कविता शिकवली जाते आणि मुले याच्या आईला मुकादमावरून चिडवतात, हा प्रसंग सांगतात, आणि मातृत्वाच्या सवर्ण कल्पनेला बागुलांनी कसा सुरुंग लावला ते सांगतात. ते सर्व खरेच आहे. परंतु त्या कथेतला मेलेला बाप कोणाला दिसत नाही. क्षयाने खंगलेला, अंथरुणाला खिळलेला तो पुरुष. त्याची तरुण, देखणी बायको कामाला जाते आणि तो घरात पडून तिच्या येण्याच्या वेळा मोजतो. तिचे रूप हाच त्याला आपला शत्रू वाटतो. ती कुरूप झाली तर आपली राहील, असा त्याचा हिशेब. बागुलांनी या माणसाला सूट दिली नाही आणि त्याला राक्षसही केले नाही. त्याच्या हातून काम गेले, मग शरीर गेले, आणि आपले म्हणण्यासारखे एकच उरले: बायकोवरचा हक्क. तो हक्क तो शेवटच्या श्वासापर्यंत बजावतो.

आणि पुढे पाहा, बागुल येथे थांबत नाहीत. बाप मरतो, पण त्याचा संशय मुलाच्या डोळ्यांत जिवंत राहतो. मुलगा आईकडे पाहतो तो बापाच्या डोळ्यांनी. तिला कोणाचा तरी आधार हवासा वाटणे हे तिचे माणूसपण आहे, हे त्या पोराला कळणे शक्य नाही; पण वाचकाला कळते. कथेतल्या मुलाचा संशय आपल्या समीक्षेनेही चालवला की काय, असा मला कधी कधी प्रश्न पडतो. अन्यथा त्या बाईला ‘परिस्थितीने घसरलेली’ म्हणणारे लेख लिहिले गेले नसते.

दया पवारांच्या ‘बलुतं’मध्ये (1978) बाप अधिक जागा व्यापतो. मुंबईच्या गोदीतला हा कामगार, नागपाड्याजवळचा कावाखाना, कागद-काच-चिंध्या गोळा करणाऱ्या बायका, दारू, जुगार हे सारे जग तेथे आहे. मुंबईतला माणूस पुन्हा गावात आल्यावर कसा लहान होत जातो हे पवारांनी दाखवले आहे. मी वर गावची वाट म्हटले ती हीच. पण बापाकडे पाहणारा तेथेही मुलगाच आहे. आई त्या माणसाशी काय बोलत असेल, तिने त्याला काय सुनावले असेल, की काहीच नाही, हे पुस्तक सांगत नाही. पवारांचा प्रामाणिकपणा असा की स्वतःच्या पहिल्या लग्नाचा शेवट कसा संशयात झाला हेही त्यांनी झाकले नाही. नोकरी असलेला, शिकलेला, लेखक झालेला मुलगाही या संशयापासून सुटत नाही. तेव्हा सगळा दोष बेकारीच्या माथी मारता येणार नाही, हे ‘बलुतं’नेच आपल्याला सांगितले आहे. आपण ते ऐकले का?

स्त्रियांच्या लेखनात काय आहे? येथे एक विलक्षण गोष्ट दिसते. बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ 1982 साली ‘स्त्री’ मासिकातून क्रमशः आले आणि 1986 साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले. फलटणच्या महारवाड्याचे, सासुरवाशिणींच्या हालांचे, नाक कापलेल्या सुनांचे इतके भेदक वर्णन दुसऱ्या कोणी केलेले नाही. पण त्यात बेबीताईंचा स्वतःचा संसार जवळजवळ नाही. तो आला तो पुढे, 2008 साली निघालेल्या इंग्रजी अनुवादासाठी माया पंडितांनी घेतलेल्या मुलाखतीत. लग्न झाले तेव्हा नवऱ्याला काम नव्हते. द्राक्षे विकण्याची कल्पना बेबीताईंची; त्यातून भाजी, मग किराणा, असे दुकान उभे राहिले. दुकान चालले, संसार चालला, आणि नवऱ्याचा संशयही चालला. रेल्वेच्या डब्यात परक्या पुरुषांनी नुसते पाहिले म्हणून नाकातून रक्त येईतो त्याने मारल्याची हकिकत त्या सांगतात. आणि लिहिणे? दुकानात बसून, पुड्या बांधण्याच्या रद्दी कागदांवर, नवऱ्यापासून लपवून. वीस वर्षे ते बाड दडवून ठेवले.

हा तपशील मी अनेकदा मनात फिरवून पाहिला आहे. ज्या दुकानाने बेकार नवऱ्याला उभे केले त्याच दुकानाच्या गल्ल्यामागे बसून ही बाई समाजाचा इतिहास लिहिते, आणि त्या इतिहासात दुसऱ्यांच्या नवऱ्यांनी केलेला छळ येतो, स्वतःच्या नवऱ्याचा येत नाही. कोणी म्हणेल, ही पतिनिष्ठा. कोणी म्हणेल, भीती. मला वाटते तिसरेच काही असावे. आपला नवरा हा आंबेडकरी चळवळीतला आहे, समाज त्याला ओळखतो, त्याच्याविषयी लिहिले तर ते चळवळीविरुद्ध लिहिल्यासारखे होईल, हा दबाव बाईवर बाहेरून कोणी आणावा लागत नाही. तो तिच्यातच वाढलेला असतो.

हा दबाव झुगारणाऱ्या पुस्तकाचे काय झाले तेही पाहू. मलिका अमर शेख यांचे ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’ 1984 साली आले. 1972 साली पँथर उभी राहिली, 1974 मध्ये फुटली, 1977 मध्ये तिच्या संस्थापकांपैकी काहींनी ती बरखास्त केल्याचे जाहीर केले. एवढ्या थोड्या काळात केवढी माणसे पेटली आणि केवढी विझली! पूर्णवेळ कार्यकर्ता हाही एका अर्थाने बेकारच असतो, फक्त चळवळ जोरात असेपर्यंत त्याला कोणी बेकार म्हणत नाही. चळवळ ओसरली की तो घरी येतो, आणि घरात येताना पराभव घेऊन येतो. मलिकाबाईंचे पुस्तक अशा घराचे आहे: पैशाचा ठिकाणा नसलेले, आजारपणाने आणि वादांनी खचलेले, सतत माणसांनी भरलेले आणि तरी एकटे. त्यांनी नामदेव ढसाळांच्या कवितेवरचे प्रेम लपवले नाही, आणि सोसलेलेही लपवले नाही. आपण काय केले? एका मोठ्या कवीविषयीची चहाडी म्हणून ते वाचले. काहींनी हिरिरीने, काहींनी संतापून. पण दोघांनीही चहाडी म्हणूनच. एका पिढीच्या उतरणीचा तो एकमेव आतून लिहिलेला दस्तऐवज आहे, अशी त्याची चर्चा मी फारशी कोठे वाचली नाही. पँथरच्या फुटीवर तत्त्वज्ञानाच्या अंगाने हजारो पाने लिहिली गेली असतील. त्या फुटीचा आवाज स्वयंपाकघरात कसा ऐकू आला, ते एका बाईने लिहिले तर ते साहित्याबाहेरचे ठरले.

उर्मिला पवारांच्या ‘आयदान’मध्ये (2003) नवरा नोकरीत आहे, म्हणून त्याचा येथे थोडक्यातच उल्लेख करते. बायको एम. ए. करते, लिहू लागते, सभांना जाते, आणि नवऱ्याला आपण मागे पडल्याचे वाटू लागते. पगार असूनही ऱ्हासाची ही जाणीव येते. या नात्याविषयी पवारबाईंचा सूर तक्रारीचा कमी आणि निरीक्षणाचा अधिक आहे, आणि म्हणूनच ते प्रकरण टिकते.

आता ज्यांच्याशी माझे भांडण आहे त्यांच्याविषयी. आपल्या वर्तुळात एक युक्तिवाद नेहमी ऐकू येतो: दलित पुरुषाची बेकारी व्यवस्थेने लादलेली आहे, त्याचे व्यसन त्या बेकारीतून आले, मारहाण व्यसनातून आली, तेव्हा घरातल्या मारहाणीवर लिहिणे म्हणजे व्यवस्थेला मोकळे सोडून तिच्या बळीला आरोपी करणे. शिवाय सवर्ण टीकाकार टपलेलेच आहेत, त्यांच्या हाती कोलीत कशाला द्या? या युक्तिवादाचा पहिला भाग अर्धा खरा आहे. बेकारी लादलेली आहे, यात शंका नाही. धोट्याचा धागा मी वर सांगितलाच. पण फाटकावर हाकलणाऱ्या जॉबरवर न उठलेला हात घरी येऊन बायकोवरच का उठतो, याचे उत्तर बेकारीत सापडत नाही. ते उत्तर शोधावयाचे तर बाबासाहेबांचा 1916 सालचा जातिसंस्थेवरील निबंध उघडावा लागतो. जातीचे कुंपण स्त्रीच्या देहावर पहारा ठेवूनच टिकते, हे तेथे स्पष्टपणे मांडले आहे. ज्या व्यवस्थेने महाराला जमीन दिली नाही, विद्या दिली नाही, साच्यावरचे काम दिले नाही, तिने एक पहारेकऱ्याची काठी मात्र त्याच्या हाती ठेवली. बेकार झाल्यावर तो तीच उचलतो. म्हणजे ही मारहाण व्यवस्थेविरुद्धच्या वेदनेचा उद्रेक नाही, ती व्यवस्थेचीच चाकरी आहे. असे असताना तिच्यावर लिहिणे व्यवस्थेला मोकळे सोडणे कसे ठरते?

नागपूरला जुलै 1942 मध्ये दलित महिलांच्या परिषदेत बाबासाहेबांनी बायकांना सांगितले होते की नवऱ्याची मैत्रीण व्हा, बरोबरीने उभ्या राहा, दासी होऊ नका. या भाषणाचा उल्लेख प्रत्येक महिला मेळाव्यात होतो. मैत्रीण या शब्दाचा अर्थ मात्र कोणी फोडून सांगत नाही. काम गेलेल्या माणसाची मैत्रीण होणे म्हणजे त्याचा मार खाणे नव्हे, आणि त्याला टाकून बोलणे हेही नव्हे. मग काय? हा प्रश्न सोपा नाही, आणि तो भाषणात सुटणारा नाही. तो कथेने, कादंबरीने, नाटकाने हाताळावयाचा प्रश्न आहे.

नाटकाचे नाव निघाले म्हणून जयंत पवारांच्या ‘अधांतर’विषयी. 1997 साली रंगभूमीवर आलेल्या या नाटकाने संपानंतरच्या गिरणगावातले घर पहिल्यांदा ताकदीने उभे केले. आई, कामाविना बसलेले मुलगे, खोलीत साचत गेलेला विखार. पुढे त्यावर ‘लालबाग परळ’ हा चित्रपटही 2010 साली निघाला. ‘अधांतर’ मोठे नाटक आहे. परंतु ते घर धुरी नावाच्या कुटुंबाचे आहे. त्या घरातल्या आईने भांडी घासण्यास जाणे ही आपत्ती असते, आमच्या घरात ती परंपरा असते. नायगावच्या, वरळीच्या बीडीडी चाळीतले बौद्ध गिरणी कामगाराचे घर त्या रंगमंचावर आलेले नाही. ते आणणे जयंत पवारांचे काम नव्हते, आपले होते. पवार 2021 साली गेले. संप पाहिलेली पिढीही आता झपाट्याने जात आहे, आणि चाळी पाडून तेथे मनोरे उभे राहत आहेत.

मी गेली काही वर्षे त्या चाळींतल्या वयस्क बायकांशी बोलत आहे. नवऱ्याविषयी विचारले की त्या प्रथम संपाचे सांगतात, मग सामंतांचे, मग पोरांच्या शिक्षणाचे. टेप बंद केल्यावर दुसरे बोलणे सुरू होते. एकीचा नवरा संपानंतर अकरा वर्षे रोज पहिल्या पाळीच्या वेळेला उठून कपडे करून बाहेर जात असे आणि भोंग्याच्या वेळेला परत येत असे. तो कुठे जातो हे तिने कधी विचारले नाही. का नाही विचारले, असे मी म्हटले तेव्हा त्या जरा चिडल्याच. “विचारून काय केलं असतं? तो खोटं बोलला असता नि मला ते कळलं असतं,” असे म्हणून त्यांनी चहा ठेवला.